शिंग्याची दुसरी सीडी

मी कुणाचं वाईट चिंतत नाही असं म्हणणारी माणसं मला खोटी वाटतात. मी चिंतलेलं आहे. एकाच माणसाचं, वर्षानुवर्षं, भाकरी थापताना, शाळेत पोरांकडून पाढे म्हणवून घेताना, बसमध्ये खिडकीशी जागा मिळाली की निवांतपणे. तो आमचा शेजारी. सगळं गाव त्याला अण्णा म्हणायचं, म्हणून मीही अण्णाच म्हणते. त्याचं नाव घेतलं तर तोंड विटाळतं, असं माझी आई म्हणायची.

नव्वदचं दशक सरत आलं होतं. कमलनगर तेव्हा तालुका नव्हता. स्टेशन, बाजार, चार दुकानं आणि खेड्यांना जाणाऱ्या जीपा, एवढंच. अण्णा हैदराबादला एका व्हिडिओच्या दुकानात कामाला होता. एका दसऱ्याला तो परत आला तो मोठा टीव्ही, गेम खेळायचा डबा आणि खोकंभर सीड्या घेऊनच. घराच्या पुढच्या खोलीत त्यानं दुकान मांडलं. आमचं घर त्याच्या भिंतीला भिंत लावून, आणि गंमत म्हणजे शेतही त्याच्या बांधाला बांध. म्हणजे आम्हाला तो घरीही चुकत नव्हता आणि रानातही.

त्या खोक्यात एक गेम होती, तिनं गावाला वेड लावलं. बाकीच्या गेममध्ये चित्रातली बाहुली उड्या मारायची. ह्यात खरी माणसं होती. अण्णा सांगायचा की जपानात ह्याचा आधी पिक्चर निघाला, आणि त्याच पिक्चरची तिकडच्या लोकांनी गेम केली. पिक्चर चालायचा, चालता चालता मध्येच पडद्यावर एक बाण चमकायचा, आणि तेवढ्या क्षणात तुम्ही बटण दाबलं तर पिक्चर पुढे जायचा. उशीर झाला की हिरो मेला. घाई झाली तरी मेला. मग पुन्हा पहिल्यापासून.

हिरो नखशिखांत काळ्या चिलखतातला. तोंडावर मुखवटा, डोक्याला बैलासारखी दोन शिंगं, त्यातलं एक अर्धं मोडलेलं. पोरांनी त्याचं नाव शिंग्या ठेवलं. बोलणं सगळं जपानी, कुणाला ओ की ठो कळायचं नाही, पण गोष्ट कळायची. शिंग्याला त्याच्याच सोबत्यांनी एका खाणीत कोंडून बाहेरून दार लावलेलं असतं. तो अंधारात राहून राहून असा होतो की मुखवटा काढायला गेला तरी निघत नाही. मग तो बाहेर येतो आणि दार लावणाऱ्यांना एकेक करून शोधतो. ज्याच्या सांगण्यावरून दार लावलं तो शेवटचा माणूस एका उंच फाटकाआड राहत असतो.

गेम दोन सीड्यांवर होती. फाटकापर्यंत पहिली. शिंग्या फाटकासमोर येऊन उभा राहिला की पिक्चर थांबायचा आणि पडद्यावर दुसऱ्या सीडीचं चित्र यायचं. तिथपर्यंत बरेच दिवस कुणी पोचलंच नव्हतं.

मी मात्र पोचले. दुपारी अण्णा जेवून दुकानाला कडी लावून झोपायचा, पोरं घरी हाकलली जायची, आणि अण्णाची बायको मला भिंतीवरून हाक मारायची. तिला मी अक्का म्हणायचे. माझ्याहून फार मोठी नव्हती. तिकडं आंध्रातली, नुकतीच लग्न होऊन आलेली, मराठी मोडकं, करमायचं नाही. तिला बटणं दाबायला भीती वाटायची पण पिक्चर बघायचा असायचा. मी खेळायचे आणि ती शेंगा फोडत बघायची. आवाज बंद, कारण आतल्या खोलीत अण्णा घोरत असायचा. मी बारावीला होते, अभ्यासाला जाते असं घरी सांगून दोन घरांतली ती भिंत ओलांडायचे.

अक्काला दोन सीड्यांतला फरक कळेना. दोन्हीवर तेच मोडक्या शिंगाचं चित्र, तीच जपानी अक्षरं. म्हणून तिनं आपल्या नेलपॉलिशनं दुसरीवर दोन लाल टिपके दिले. ते टिपके पुढे माझ्या कामाला येतील हे तेव्हा कुणाला ठाऊक होतं?

येळवशीच्या आदल्या दुपारी मी शिंग्याला फाटकापर्यंत नेलं. अक्कानं शेंगांचं सूप बाजूला सारलं. आता दुसरी लाव, असं मी म्हणाले. ती म्हणाली, आता न्हाई, ते उठतील, येळवस होऊ दे. दोन-तीन पोरांनीही त्याच आठवड्यात फाटक गाठलं होतं, आणि अण्णानं जाहीर करून टाकलं होतं की येणाऱ्या रविवारी सगळ्यांसमोर दुसरी सीडी लागणार. गावात लग्न असावं तशी त्याची चर्चा.

आमच्याकडची येळवस ज्यांनी पाहिली नाही त्यांना सांगते. मार्गशीर्षाच्या अमावस्येला सगळं गाव रानात जातं. शेतात कडब्याची कोप करतात, आत पाच पांडवांचे दगड मांडून पूजा करतात, भाज्या-डाळींची भज्जी, बाजरीचे उंडे आणि खीर खातात, बिंदगीतली, म्हणजे घागरीतली, आंबील पितात. ज्याला शेत नाही त्याला ज्याला आहे तो बोलावतो. त्या दिवशी शेतात पाय ठेवणाऱ्या कुणालाही, वैरी असला तरी, उपाशी पाठवत नाहीत. गावात मागे राहतात ती फक्त अंथरुणाला खिळलेली माणसं आणि कुत्री.

त्या वर्षी आम्ही शेतात पोचलो आणि अप्पांच्या लक्षात आलं की आंघोळीआधी काढून ठेवलेली भंडाऱ्याची पिशवी घरी खुंटीलाच राहिली. अप्पा म्हणजे माझे वडील. आजोबांपर्यंत आमच्यात मेंढरं होती. अप्पांच्या वेळी मेंढरं गेली, थोडी जमीन राहिली, ती पुरेना म्हणून ते बिदरजवळ कोळारला कारखान्यात लागले. मेंढरांबरोबरचं सगळं सुटलं, पण मल्हारीच्या भंडाऱ्याची ती चामड्याची पिशवी कमरेची सुटली नाही. तिच्याशिवाय ते पूजेला हात लावेनात. मग मलाच परत पाठवलं. मी गेले, पिशवी घेतली, हळद सांडू नये म्हणून ओढणीत गुंडाळून छातीशी धरली आणि रिकाम्या गल्लीतून पळत शेतात आले.

संध्याकाळी अण्णाच्या घरात आरडाओरडा झाला. दुसरी सीडी नव्हती.

अण्णाची म्हातारी आई गुडघ्यांमुळे घरीच होती. तिनं सांगितलं की शेजारची पोरगी ओढणीत काहीतरी लपवून पळत गेली. अण्णानं बायकोला दटावलं तेव्हा अक्कानं सांगून टाकलं की ती पोरगी दुपारी येऊन खेळते. झालं. मला बटणं दाबता येतात, मी गावात होते, ओढणीत काहीतरी होतं. आणखी काय पाहिजे? त्याच्या तोंडावर मी विचारलं की बाबा रे, आमच्या घरात डबा नाही, एकटी दुसरी सीडी नेऊन मी काय तिच्यात तोंड बघू? अण्णा म्हणाला, विकली असशील उदगीरला. ओढणीत भंडाऱ्याची पिशवी होती हे सांगितलं तर तो हसला. देवाचं नाव पुढं करून चोर सुटत असतात म्हणे.

हे ऐकून अप्पा उठले. ते शांत माणूस, पण देवावरून कुणी हसलेलं त्यांना खपायचं नाही. दोघांची जुंपली, गल्ली जमली, आणि सगळ्यांदेखत अण्णा बोलून गेला, "एवढा भरोसा हाय लेकीवर, तर उचल बेलभंडारा."

एका सीडीसाठी बेलभंडारा? चार म्हाताऱ्यांनी समजावलं. आमच्यात तो जमिनीच्या तंट्यात उचलतात, नाहीतर माणूस मेलं असेल तर. पण एकदा चारचौघांत शब्द गेला की मागे घेणाऱ्याला गाव चोरच म्हणतं. येणाऱ्या रविवारी, ज्या दिवशी दुसरी सीडी लागणार होती त्याच दिवशी, सगळे मल्हारीच्या देवळात जमले. अप्पांनी उजव्या तळहातावर बेलाचं पान ठेवलं, त्यावर भंडाऱ्याची चिमूट ठेवली आणि हात वर केला. "माझ्या लेकीनं ती वस्तू घेतली न्हाई," ते म्हणाले. "घेतली असंल तर ह्याच हाताला भोवू दे."

आमच्यात भंडारा उचलला की विषय संपतो. मग कुणी काही बोलायचं नाही. देव बघून घेतो. अण्णाही बोलला नाही. मला वाटलं सुटलो. देव बघून घेतो म्हणजे काय, ह्याचा मी तेव्हा पुरता विचार केलेला नव्हता.

उन्हाळ्यात कोळारच्या कारखान्यात पत्रा दाबायच्या मशीनमध्ये अप्पांचा हात गेला. दोन बोटं तुटली. उजव्या हाताची.

अप्पा अजून बिदरच्या दवाखान्यातच होते, तोवर गावानं निकाल देऊन टाकला होता. भंडारा भोवला. किराणा दुकानात बायका मला बघून गप्प व्हायच्या. आईला कुणी हळदी-कुंकवाला बोलवेना. भालकीचं एक स्थळ माझ्यासाठी जवळजवळ ठरलं होतं, ते लोक निरोप न देताच मागे फिरले. त्याच कारखान्यात त्याच मशीनवर आधीही माणसांचे हात गेले होते, हे मी ओरडून सांगितलं तरी कोण ऐकणार? त्या माणसांनी भंडारा उचलला नव्हता ना.

हे सगळं मी पचवलं असतं. गाव म्हणजे गावच असतं. पण एका दुपारी दवाखान्यात आई चहा आणायला खाली गेली होती, मी अप्पांच्या उशाशी बसले होते. हाताला मोठं पांढरं बँडेज. अप्पा कितीतरी वेळ त्या बँडेजकडे बघत होते. मग माझ्याकडे न बघता हळूच म्हणाले, "खरं सांग बाळा. घेतली व्हतीस का?"

मी नाही म्हणाले. एकदाच. त्यांनी मान हलवली आणि डोळे मिटले. ती मान विश्वासाची नव्हती. माझ्यासाठी जे घडलं ते सगळं त्या एका मानेत घडलं.

बापावर राग धरता येत नाही असं नाही, पण धरलेला राग ठेवायचा कुठं? तीन बोटांनी भाकरी मोडणाऱ्या माणसाच्या ताटात? म्हणून मी तो सगळा उचलला आणि अण्णाच्या दारात नेऊन ठेवला. त्याचं वाईट व्हावं म्हणून काय काय केलं ते सांगायला मला लाज वाटत नाही. नागपंचमीला वारुळाला दूध घालताना मी नागाला अण्णाच्या घराचा रस्ता सांगितला. त्याच्या दुकानाचं शटर अर्ध्यावर अडकायचं तेव्हा मी आमच्या ओट्यावर उभी राहून बघायचे. त्याला एकदा कावीळ झाली. मी त्या आठवड्यात जरा जास्तच चांगलं जेवले. झोप आली नाही की मी डोळे मिटून शिंग्याला त्या फाटकासमोर उभा करायचे आणि फाटकाच्या आत अण्णाला. पण पुढचं काही सुचायचंच नाही, कारण पुढचं मी बघितलेलंच नव्हतं.

उदगीरला डी.एड. केलं, तिथंच शाळेत लागले. लग्न उशिरा झालं, उदगीरलाच, ज्यांना कमलनगरचं काही ठाऊक नव्हतं अशा घरात. अप्पांनी कोळार सोडलं. त्यांचं आणि माझं बोलणं व्हायचं, पाऊसपाणी, तब्येत, नातवंडं. ते कधी त्या दिवसाबद्दल बोलले नाहीत आणि मीही नाही. अण्णाचं दुकान आधी पिक्चरच्या सीड्या भाड्यानं द्यायला लागलं, मग मोबाइल आले तसं रिचार्जचं झालं. गेमचा डबा कुठं गेला कुणी विचारलं नाही. दोन्ही घरांत पाणीसुद्धा चालत नव्हतं.

मोबाइल येऊन बरीच वर्षं झाल्यावरच्या एका येळवशीला मी पोरांना घेऊन माहेरी आले होते. आमच्या शेतात जेवणं झाली. ज्वारी हुरड्यात यायला लागली होती, पाखरं घिरट्या घालत होती. अण्णाच्या पोरानं त्यांच्या बांधाकडेनं काठ्या रोवून सुतळी बांधली होती आणि सुतळीला जुन्या सीड्या लटकवल्या होत्या. आजकाल सगळेच करतात. वाऱ्यावर त्या फिरतात, चमकतात, पाखरं भितात. माझी लहानी ते बघून हसत होती म्हणून मीही बांधाजवळ गेले.

एक सीडी वाऱ्यानं उलटली. काळं चिलखत. मोडकं शिंग. उन्हानं चित्र फिकट झालं होतं, पण कडेला दोन लाल टिपके तसेच होते.

मी बांध ओलांडला. सुतळीला हिसका दिला, काठीच उपटून आली, सीडी माझ्या हातात. पलीकडे कोपीजवळ अण्णाच्या घरची आणि गावातली पंधरा-वीस माणसं जेवत बसली होती. मला बघून अक्का उठली. इतक्या वर्षांत पहिल्यांदा मी त्यांच्या शेतात पाय ठेवला होता, आणि येळवस होती, त्यामुळे तिच्या तोंडून आपोआप निघालं की ये, बस, जेव. मग तिचं लक्ष माझ्या हाताकडे गेलं आणि तिच्या हातातली पळी आंबिलीच्या बिंदगीत तशीच राहिली.

मी बसले नाही. ही काय आहे, असं मी सगळ्यांना ऐकू जाईल अशा आवाजात विचारलं. अण्णाचा पोरगा भोळेपणानं म्हणाला की घरात जुन्या सीड्यांचं पोतं होतं, त्यातली आहे, देवाच्या गाण्यांच्या कव्हरमध्ये होती. अण्णानं त्याला डोळ्यांनी गप्प केलं. पण पोरगा बोलून गेला होता. अण्णा म्हणाला की असेल दुसरी कुठली तरी, असल्या ढिगानं मिळायच्या. मी टिपके दाखवले. तो म्हणाला, असतील, मला काय ठाऊक, माझ्याही आजच नजरेला पडली, मग मी काय करू?

मला त्याच्या अंगावर धावून जायचं होतं. खरंच सांगते, पायाशी बाजरीचे उंडे ठेवलेली परात होती आणि मी ती उचलणार होते. एवढ्यात मागून अप्पा आले. मला काठी उपटताना त्यांनी पाहिलं असावं. बांध ओलांडायला त्यांना वेळ लागला.

"काय हाय ते?" त्यांनी विचारलं.

मी सीडी त्यांच्या हातात दिली. तेव्हा माझ्या ध्यानात आलं की अप्पांनी ती वस्तू आयुष्यात पाहिलीच नव्हती. जिच्यासाठी भंडारा उचलला, जिच्यापायी लेकीवर संशय घेतला, ती कशी दिसते हे त्यांना माहीतच नव्हतं. त्यांनी ती उलटीपालटी करून बघितली. तीन बोटांत ती नीट बसेना, म्हणून डाव्या हाताचा आधार दिला.

"ही व्हय ती?"

व्हय अप्पा, मी म्हणाले. ह्यांच्याच घरात होती.

अप्पा अण्णावर ओरडले नाहीत. त्यांनी सीडी मला परत दिली, कमरेची पिशवी सोडली, तिचं तोंड उघडलं आणि ती तुटका हात लांब करून अण्णाच्या पुढ्यात धरली.

"उचल," ते म्हणाले. "उचल अन् सांग, आजच नजरेला पडली म्हणून."

जेवणारी माणसं घास धरून थांबली. अण्णा पिशवीकडे बघत होता. त्याचा उजवा हात मांडीवर होता. मी त्या हाताकडे बघत होते. वर्षानुवर्षं मी ह्या माणसाला साप चावावा, दुकान जळावं, पाय घसरावा असं मागितलं होतं, पण हे मागायचं मला कधी सुचलं नव्हतं. हात हलला नाही. अप्पांनी पिशवी तशीच धरून ठेवली, थोडी हळद सांडली, तरी अण्णाचा हात मांडीवरून उठला नाही. गावानं ते बघितलं. मी सगळ्यांचे चेहरे एकेक करून बघितले की हे नीट बघतायत ना.

अक्काच बोलली शेवटी. खाली बघून, हळू. "शिमग्याच्या आधीच सापडली व्हती. चुकून कव्हर बदललं व्हतं यांच्याच हातून. म्या म्हनलं सांगून टाका. हे म्हनले, आता भंडारा उचलून झालाय, आता सांगितलं तर देव आपल्या घरावर उलटंल."

शिमग्याच्या आधी. म्हणजे अप्पांची बोटं जायच्या आधी. म्हणजे भंडारा भोवला असं सगळं गाव म्हणत होतं तेव्हा ती सीडी ह्या माणसाच्या घरात देवाच्या गाण्यांच्या कव्हरमध्ये होती, आणि हा त्या म्हणणाऱ्यांना चहा पाजत होता. देवाला भिऊन गप्प बसला म्हणे. देवाला भिणाऱ्या माणसाचं मला आजही काही कौतुक वाटत नाही.

अप्पांनी पिशवीचं तोंड आवळलं आणि कमरेला बांधली. अण्णा कसाबसा उठला, म्हणाला, अप्पा, दोन घास तरी, आज शेतातून उपाशी जाऊ नये. त्याच्या आवाजात आता खरोखर भीती होती, कारण येळवशीला शेतातून कुणी न जेवता उठून गेलं तर त्या शेताचं काही खरं नसतं असं आमच्याकडे मानतात. अप्पा वळून चालू लागले. अक्का वाटीभर आंबील घेऊन त्यांच्या मागे धावली. बांधाजवळ अप्पा थांबले, तिच्या हातून वाटी घेतली आणि उभ्यानंच प्यायले. तू खरं बोललीस म्हणून पितो, एवढंच म्हणाले.

दुसरी वाटी तिनं माझ्यापुढे धरली. मी घेतली नाही. खरं बोलायला तिला एवढी वर्षं लागली होती, आणि त्या वर्षांत भिंतीपलीकडून तिनं मला कधी हाक मारली नव्हती. अप्पा माझ्यापेक्षा मोठ्या मनाचे आहेत, असं लोक म्हणतात. असतील.

संध्याकाळी बैलगाड्या, ट्रॅक्टर, मोटारसायकली सगळं गावाकडे निघालं. अप्पा आणि मी मागे राहून पायीच चाललो. बातमी आमच्या पुढं गेली होती. रस्त्यात भेटणारी माणसं अप्पांना रामराम घालत होती, जास्तच वाकून. तुरीच्या शेतांपाशी आल्यावर अप्पांनी मला विचारलं की ती गेम कसली होती, तिच्यात होतं तरी काय.

मी सांगितलं. खाण, लावलेलं दार, न निघणारा मुखवटा, एकेक माणूस, फाटक. ते पोरासारखे ऐकत होते. मध्ये एकदा त्यांनी विचारलं की चुकीच्या वेळी बटण दाबलं तर लगेच मरायचा का. मी हो म्हणाले.

"मग फाटकाच्या आत गेल्यावर काय करतो?"

"ठाऊक न्हाई अप्पा. त्या सीडीत व्हतं ते."

त्यांनी वाटेतला एक काटा पायानं बाजूला सारला. मग म्हणाले, "दवाखान्यात तुला इचारलं व्हतं मी. ते चुकलं माझं."

ह्या वाक्याची मी किती वाट पाहिली होती हे मला ते ऐकल्यावर कळलं. अण्णाचा हात मांडीवर पडून राहिला तेव्हा मला जे मिळालं नव्हतं, ते आत्ता मिळत होतं. अशा वेळी लेकीनं म्हणायचं असतं की असू द्या अप्पा, जाऊ द्या, झालं गेलं. माझ्या ओठांवर आलंही होतं.

"व्हय," मी म्हणाले. "चुकलं."

अप्पांनी मान हलवली. ह्या वेळी डोळे उघडे होते आणि माझ्याकडे होते. मग आम्ही दोघं घरी गेलो.

सीडी माझ्याकडे आहे. उन्हानं आणि पावसानं तिचा पार खुळखुळा झालाय, कुठल्याच डब्यात ती चालणार नाही. आमच्या माहेरच्या शेतात, अण्णाच्या बांधाकडच्या कडेला, मी एक काठी रोवून ती टांगली आहे. पाखरं तिला फारशी भीत नाहीत. पण अण्णाला आपल्या शेतात जायला दुसरी वाट नाही.